घासलेली खाच

घण वर नेताना खांदा दुखायचा नाही. खाली आणतानाही नाही. तो ऐरणीवर आदळून उलटी उसळी घ्यायचा, तेव्हा उजव्या खांद्यातून कळ निघायची ती थेट मानेपर्यंत. सून दात आवळून पुढचा घाव घालायची. हातात घण येऊन चौथा महिना चालू होता. त्याआधी घण तिचा नवरा मारायचा आणि ती भात्यावर बसायची. आता दोन्ही तिच्याकडेच होतं. भाता ओढून लोखंड लाल झालं की उठायचं, बाह्या वर सारायच्या, घण उचलायचा. सासरा सांडशीत लोखंड धरून लहान हातोडीची टिचकी मारायचा. टिचकी जिथं, घाव तिथंच पडायला हवा.

"दमानं, पोरी. लोखंड कुठं पळून चाललंय?"

"पळत नाही, मामंजी. पण गार होतं ना."

म्हातारा हसल्यासारखं करायचा.

मक्यात दाणा भरला होता. गावाभोवती जिकडे बघावं तिकडे माणसाहून उंच पीक उभं, आणि पलीकडच्या झाडीतून रानडुकरं उतरायला लागलेली. डुक्कर खातं थोडं, लोळवतं फार. म्हणून या दिवसांत लोहाराच्या दारात दोन गोष्टी यायच्या. कापणीसाठी विळे आणि राखणीसाठी बंदुका. बंदुका सगळ्या ठासणीच्या, एकनळी, कुणाच्या आजाच्या तर कुणाच्या पणजाच्या. गावात चौदा होत्या.

त्या सकाळी गिरणीवाला आला. एका हातात विळ्यांची मोळी, खांद्यावर बंदूक. तोंड सदा सुरू असणारा माणूस; गिरणीच्या आवाजावर आवाज चढवायची सवय, ती बाहेरही सुटत नसे.

"सहा विळे आहेत. आणि हिचा घोडा बसत नाही नीट. संध्याकाळी नेतो."

"विळे ठेव. बंदूक घेऊन जा," सासरा म्हणाला.

"जा म्हणजे?"

"मी बंदुकीला हात लावत नाही आता."

गिरणीवाल्यानं सुनेकडे एकदा पाहिलं आणि आयुष्यात पहिल्यांदाच आवाज खाली आणला. "झालं ते वाईटच झालं. कोण नाही म्हणतंय? पण डुकरांना कोण सांगणार, लोहाराच्या घरी दुःख आहे, यंदा येऊ नका म्हणून?"

सासरा ऐरणीकडे वळला. कानस उचलून एका फाळाला लावत बसला.

"बरं," म्हणत गिरणीवाल्यानं विळ्यांची मोळीही परत उचलली. "मग हे तरी कशाला ठेवू? पलीकडच्या गावातला लोहार दोन्ही करतो. एका खेपेत काम होतं."

आठवडाभरात विळ्यांची रांग निम्मी झाली. दुपारी ऐरण गार पडून राहायला लागली. सून रिकामी बसायची तेव्हा खांदा जास्तच ठणकायचा.

तिचा नवरा गेला तो अशाच मक्यातून. तो उन्हाळी मका; विहिरीच्या पाण्यावर तेव्हा विहीरवाल्यांचंच पीक उंच होतं. गावातली सगळ्यात मोठी विहीर त्यांच्या शेतात, म्हणून ते विहीरवाले. झाडीजवळ लोहाराची कोळशाची भट्टी होती, आणि तिच्याकडे जायची पायवाट त्यांच्या मक्यातून जायची. उजाडता उजाडता नवरा भट्टी उघडायला निघाला. विहीरवाल्यांचा धाकटा मुलगा, तिशीतला माणूस, राखणीच्या माळ्यावरून तेव्हाच खाली उतरत होता. बार झाला. छर्रे नवऱ्याच्या गळ्याखाली लागले. फावडं हातातच राहिलं होतं.

धाकटा पहिल्या दिवसापासून एकच सांगत होता, "मी चाप ओढलाच नाही." ठाण्यात तेच, गावात तेच, तिच्या दारात गुडघ्यावर बसून तेच. कुणाचा विश्वास बसला नाही. डुक्कर समजून झाडली आणि आता शब्द फिरवतो, असंच सगळे म्हणाले. तीही तेच म्हणाली. ठाण्यानं कागदावर 'अपघात' लिहिलं, बंदूक जमा करून घेतली. विहीरवाले दर महिन्याला एक पोतं मका पाठवू लागले. पहिलं पोतं तिनं दारातच ठेवलं. दोन दिवसांनी सहा वर्षांची पोर म्हणाली, "आई, त्याला मुंग्या लागल्यात." मग तिनं ते आत ओढून घेतलं. पुढची पोती सरळ आतच घेतली.

शाळेतल्या बाई फाटकाची बिजागरी घेऊन आल्या त्या दिवशी ठाण्यातून आलेला एक मोठा कागद त्यांच्या काखेत होता. शाळेच्या भिंतीवर लावायचा म्हणून दिलेला. मोठ्या अक्षरांत लिहिलं होतं, 'बंदूक आणि दारू वेगळी ठेवा. कुलपात ठेवा.'

"वाण्याच्या दुकानात लावला होता एक," बाई म्हणाल्या. "तर लोक म्हणाले, आमची दारू पोटात असते आणि बंदूक भिंतीवर, म्हणजे वेगळीच झाली की. दिवसभर हसत होते."

सून हसली नाही. "कुलपात म्हणजे कुठं?"

"घरात पेटीबिटी असेल तर. नाहीतर गावची एकच पेटी, असंही करतात काही ठिकाणी. गरज लागली की नोंद करून न्यायची, सकाळी परत."

"पेटी आम्ही करतो," सून म्हणाली.

सासऱ्यानं मान वर केली. काम नव्हतंच. जुन्या गाडीच्या चाकांच्या लोखंडी धावा होत्या, पडक्या गोठ्याचा पत्रा होता. पाच दिवस दोघं त्या पेटीला लागले. उंची माणसाच्या छातीएवढी, आत चौदा बंदुका उभ्या राहतील अशा खाचा, दाराला दोन कड्या, दोन कुलपं. एक किल्ली बाईंकडे, एक सुनेकडे, म्हणजे कुणी एकटा उघडू शकणार नाही. धाव सरळ करताना घणाचे इतके घाव पडले की तिसऱ्या दिवशी तिला भाकरीचा तुकडा उजव्या हातानं तोंडापर्यंत नेता येईना. पोर म्हणाली, "मी भरवू?" तिनं भरवून घेतलं.

पेटी होत आली तशी ती संध्याकाळची घरोघर जाऊ लागली. लोक वाईट वागले असते तर बरं झालं असतं. सगळे चांगलेच वागले. बस म्हणाले, चहा घे म्हणाले. बायकांनी तिचा खांदा चोळून दिला. बंदुकीचा विषय निघाला की पुरुष भिंतीकडे बघायचे. बंदूक तिथंच असायची, खुंटीवर, टोपीशेजारी, कधी खाटेखाली, पोरांच्या चपलांशेजारी.

"भरलेली नाही ती," प्रत्येक जण म्हणायचा.

एका घरी आजी म्हणाली, "तुझं दुःख आम्हाला कळतं गं. पण तुझा नवरा गेला म्हणून आम्ही पीक घालवायचं का?" आणि स्वतःच्याच बोलण्यानं ओशाळून तिनं सुनेच्या हातात पोरीसाठी गुळाचा खडा ठेवला. सून तो खडा मुठीत धरून घरी आली. वाटेत मूठ चिकट झाली होती.

पेटीला शेवटचा रंगाचा हात द्यायचा होता त्या दुपारी विहीरवाले स्वतः आले. चार महिन्यांत पहिल्यांदा. हातात तीच बंदूक. ठाण्यानं परत दिली होती. दस्त्याला सुतळीनं बांधलेला पुठ्ठ्याचा तुकडा लोंबत होता, त्यावर आकडे होते.

"तुमच्या पेटीत पहिली आमची ठेवतो, कापणीपर्यंत," ते म्हणाले. त्यांना तिच्याकडे बघवत नव्हतं. ते पेटीच्या कड्यांकडे बघत होते. "लोकांसमोर ठेवायची तर परवाच्या सभेत ठेवू, असं बाई म्हणाल्या. तोवर इथंच राहू द्या. घरात नको वाटते. धाकटा तिच्याकडे बघत बसतो." मग सासऱ्याला म्हणाले, "घोडा फार हलका लागतो. बघता आला तर बघ."

त्यांनी बंदूक भिंतीला टेकवली आणि गेले.

सासऱ्याच्या हातातला कुंचला तसाच राहिला. रंग त्याच्या पायावर ठिबकत होता, त्याला कळत नव्हतं.

"मामंजी, पायावर सांडतंय."

"विहीरवाल्यानंच सांगितलं होतं," म्हातारा म्हणाला.

"काय?"

"चाप हलका कर म्हणून. ओढायला जड जातो, नेम हलतो म्हणाला. घोडा मागे ओढला की आत एका खाचेत अडकतो. ती खाच मी घासली. घासताना कळलं होतं मला, जास्त झाली. कानस हाताला सांगत असते. म्हटलं, डुकरावरच तर झाडायची आहे." त्यानं कुंचला खाली ठेवला, पण बोटं तशीच वळलेली राहिली. "चढवलेला घोडा अशा खाचेत राहत नाही. ठेच लागली, शिडीवर दस्ता आपटला, की सुटतो. चापाला बोट लावायलाच नको."

सून बंदुकीकडे बघत राहिली. बाहेर कुणीतरी गाढव हाकत गेलं.

"म्हणजे धाकटा खरं बोलत होता."

"हो."

"आपल्या दारात बसून रडत होता, तेव्हा तुम्ही खाटेवर होतात."

म्हाताऱ्यानं मान हलवली.

ती उठली. हंडा घेऊन पाण्याला गेली. आली, पोरीची वेणी घातली, चूल पेटवली. पुढचे दोन दिवस ऐरणीवर दोघांत कामापुरतं बोलणं झालं. धर. फिरव. आण. पुरे. सासरा टिचकी मारायचा तिथं ती घाव घालायची, पण त्याच्या हाताकडे बघायची नाही. एकदा घाव हुकला आणि ऐरणीच्या कडेवर आदळला, सांडशीपासून दोन बोटांवर. म्हाताऱ्यानं हात मागं घेतला नाही. ती घण टेकवून तशीच उभी राहिली.

"घाबरला नाहीत?" तिनं विचारलं.

"बसला असता तरी चाललं असतं."

"आम्हाला नसतं चाललं," ती म्हणाली. "दोघींचं पोट आहे त्या हातावर." मग भिंतीकडे बोट करून, "ती खाच परत होते का पहिल्यासारखी?"

"खाच नाही भरता येत. आतला तुकडाच नवा घडवावा लागतो."

"मग घडवा."

"मी शपथ घेतलीय, पोरी."

"शपथ घेतलीत ती तुमच्या जिवाला बरं वाटावं म्हणून. आज ती पेटीत जाईल. पण बंदूक त्यांची आहे, कधीतरी परत जाईलच. अशीच जाऊ द्यायची?"

सासऱ्यानं बंदुकीचा चाप-घोड्याचा साज उघडला तेव्हा मळसूत्र दोनदा राखेत पडलं. तिनंच शोधून दिलं. आतला तो तुकडा त्यानं तिच्या तळहातावर ठेवला. अंगठ्याच्या नखाएवढा. घासलेली कड कशी चकचकीत दिसत होती. ती उन्हात धरून बघत राहिली. तिला वाटलं होतं, बघितल्यावर काहीतरी होईल. काही झालं नाही. लोखंडाचा तुकडा होता तो.

ती भात्यावर बसली. जुन्या कानशीच्या पोलादातून म्हाताऱ्यानं नवा तुकडा घडवला, खाच खोल आणि चौकोनी ठेवली. लाल करून तेलात बुडवला. पुन्हा मंद विस्तवावर धरला. वाळक्या गवताचा रंग चढला तसा तो "बस" म्हणाला आणि तिनं भाता सोडला. सगळं जुळवून झाल्यावर त्यानं रिकाम्या बंदुकीचा घोडा चढवला आणि लाकडी हातोडीनं दस्त्यावर ठोकलं. घोडा हलला नाही. पुन्हा ठोकलं. दहा वेळा.

"आणा इकडे," सून म्हणाली. तिनं हातोडी घेतली आणि ठोकायला लागली. घोडा जागचा हलेना. ती ठोकतच राहिली. दस्त्याचं लाकूड पिचायला आलं. शेवटी म्हाताऱ्यानं तिचं मनगट धरलं.

"झालं, पोरी. बसलाय तो. आता नाही सुटत."

"आता," ती म्हणाली आणि हातोडी टाकून परसात गेली.

सभा शाळेच्या मोठ्या खोलीत झाली. पोरांच्या बाकांवर मोठी माणसं गुडघे पोटाशी घेऊन बसली. ठाण्यातले साहेब आले, त्यांनी पेटीवर हात ठेवून फोटो काढून घेतला आणि बराच वेळ बोलले. बंदूक म्हणजे खेळणं नव्हे. सुरक्षितता आपल्या हाती. लोकांनी टाळ्या वाजवल्या. गिरणीवाला मागून म्हणाला, "साहेब, डुकरांचीही एक सभा घ्या." हशा झाला, साहेबही हसले.

मग लोहार उभा राहिला. त्याला बोल असं कुणी म्हटलं नव्हतं.

"विहीरवाल्यांचा धाकटा खोटं बोलला नाही," तो म्हणाला. "त्यानं चाप ओढला नव्हता. खाच मी घासली होती. माझ्या हातानं. माझा मुलगा..."

खोलीत एकदम गलका झाला. विहीरवाले खाली मान घालून बसले होते. शेजारच्यानं लोहाराचा सदरा धरून खाली ओढलं. "खाली बस. काय बोलतोस? दुःखानं डोकं फिरलंय त्याचं."

"डोकं नाही फिरलं. ऐका तरी. तुमच्यातल्या चार बंदुकांना मी तसंच..."

"आजोबा, बसा," साहेब मऊ आवाजात म्हणाले. "ते प्रकरण बंद झालंय. अपघात म्हणून. उगाच उकरून तुम्हालाच त्रास. सूनबाई, यांना पाणी द्या बरं."

सगळ्यांनी तिच्याकडे पाहिलं. तांब्या कुणीतरी तिच्या हातात दिला. ती म्हणाली, "ते खरं सांगताहेत." पण तोवर बाकं सरकायला लागली होती. माणसं उठत होती, म्हाताऱ्याच्या पाठीवरून हात फिरवत होती. नशिबापुढे कोणाचं काय चालतं, म्हणत होती. त्या चार बंदुका कुणाच्या, हे एकानंही विचारलं नाही.

तरी सहा बंदुका पेटीत आल्या. पहिली विहीरवाल्यांची. बाईंनी वहीत लिहून घेतलं. दोन्ही कुलपं लागली. घरी जाताना किल्ली तिनं गळ्यातल्या दोऱ्यात ओवली.

दुसऱ्या दिवशी ती विहिरीवर गेली. धाकटा पाटातला गाळ काढत होता. गुडघाभर चिखलात, फावडं चालूच. चार महिन्यांत त्याची मान बारीक झाली होती. तिला पाहून तो थांबला आणि बाहेर यावं की आतच राहावं हे न कळून तसाच उभा राहिला.

"तू खरं बोलत होतास," ती म्हणाली. "चाप ओढला नव्हतास. मामंजींनी खाच घासली होती, त्यानं सुटला." सकाळपासून ठरवलेलं होतं तेवढं तिनं सांगून टाकलं. "तुला दोष दिला मी. तो चुकीचा होता."

धाकट्यानं फावड्याच्या दांड्यावर हनुवटी टेकवली.

"वहिनी, चाप नव्हता ओढला," तो म्हणाला. "पण भरलेली बंदूक घेऊन उतरलो मीच. घोडा चढवलेला. खाली ठेवून उतरलो असतो तर? घोडा उतरवून मग उतरलो असतो तर? डुकरं तेव्हा केव्हाच निघून गेली होती. कंटाळा केला मी. बस, एवढंच."

"तुला हलकं वाटेल म्हणून आले होते."

"वाटलं असतं तर बरं झालं असतं," तो म्हणाला आणि पुन्हा गाळ उपसायला लागला.

पेटी नऊ दिवस बंद राहिली. दहाव्या दिवशी खालच्या अंगाच्या मळ्यात डुकरांचा कळप शिरला. सकाळी बघितलं तर पीक असं आडवं पडलं होतं की जणू कुणी त्यावर रूळ फिरवलाय. मालक सरळ ऐरणीपाशी आला. तो रागावलेला नव्हता, रडायच्या बेतात होता.

"वहिनी, किल्ली."

"सकाळी बंदूक परत आणाल?"

"आणतो."

आणली नाही. दुसऱ्यानं दोन दिवसांनी नेली. तिसऱ्याची बायको आली. म्हणाली, हे लाजतात तुमच्यापुढे, मलाच पाठवलं. नेतानाच्या सह्या बाईंच्या वहीत होत्या, परत केल्याचा रकाना कोरा. बाई एकदा घरोघर जाऊन आल्या. "हो हो, आणतो" म्हणाले सगळे. त्यांच्यावर कुणी चिडलंही नाही.

शेवटी एकच राहिली. विहीरवाले आले तेव्हा सून फाळाला धार काढत होती. ते बाजूला उकिडवे बसले.

"कापणीपर्यंत ठेवतो म्हणाला होतात," ती त्यांनी काही बोलायच्या आधीच म्हणाली.

"म्हणालो होतो." त्यांनी जमिनीवरचा लोखंडाचा कीस बोटानं एकत्र केला. "काल रात्री निम्मा मळा गेला, सूनबाई. थाळ्या वाजवल्या, जाळ केला. थाळीला कोण भितंय? धाकटा नाही हात लावणार. मीच बसेन माळ्यावर." मग हळूच म्हणाले, "त्याच पिकातलं पोतं तुमच्याकडे येतं."

धमकी नव्हती त्यात. तिला कळलं, खरोखर नव्हती. त्यानंच तिचा हात गळ्याशी गेला. सासरा भात्याशी बसून सगळं ऐकत होता. तिनं त्याच्याकडे पाहिलं. त्यानं डोळे मिटून घेतले.

"उतरताना घोडा उतरवून उतरा," किल्ली देताना ती म्हणाली. "आणि आधी दोरीनं खाली सोडा, मग तुम्ही."

"हो."

"हो नको. करा."

"करतो, पोरी."

तिसऱ्या दिवशी सकाळी, पोर शाळेला निघायच्या वेळी, मक्यात बार झाला.

सुनेच्या हातातली पोरीची पाटी खाली पडली. ती तशीच धावत सुटली, अनवाणी. वाटेत प्रत्येक दाराशी ओरडून विचारत होती, कोण बाहेर गेलंय, कोण मक्यात गेलंय? बायका घाबरून आपापली माणसं मोजायला लागल्या. एकीचा दीर सापडेना, तिनं टाहोच फोडला. सून मक्यात शिरली. पात्यांनी हात कापत होते. पुढून माणसांचा आवाज येत होता. तिला पहिल्यांदा कळेना की ते हसताहेत.

मोकळ्या जागेत डुक्कर पडलं होतं. मोठा नर, सुळे मातीत रुतलेले. भोवती सात-आठ जण. सापडत नव्हता तो दीरही तिथंच, डुकराचा पाय धरून वजनाचा अंदाज घेत होता.

ती थांबली. पायातून रक्त येत होतं.

"अरे, वहिनी!" गिरणीवाला म्हणाला. "काही नाही, काही नाही, डुक्कर आहे. बघा, सगळे धडधाकट आहेत." कुणीतरी हसलं. मग तिचा चेहरा बघून त्यानं हसू गिळलं.

विहीरवाले पुढे आले. त्यांना तिला आनंदाची बातमी द्यायची होती. "लोहारानं फार चांगलं काम केलं. चाप जड झालाय, पण पक्का झालाय. घोडा चढवून दोन तास बसलो होतो, जराही हलला नाही. आणि दोरीनंच सोडली खाली, तू म्हणालीस तशी." त्यांनी डुकराकडे हात केला. "वाटा पाठवतो तुमच्याकडे."

ती परत फिरली. पाठीमागे कुणीतरी हळू आवाजात म्हणालं, "बिचारी. आता प्रत्येक बाराला अशीच धावणार."

दुपारी मांसाचा वाटा आला, पानांत गुंडाळलेला. पोर शाळेतून येऊन त्याच्याभोवती घुटमळत होती. सुनेनं ते चुलीवर चढवलं. पायाला फडकं बांधून ती ऐरणीपाशी आली, तर बाहेर चार माणसं उभी. सगळ्यांत पुढे गिरणीवाला. काखेत विळ्यांची मोळी आणि खांद्यावर बंदूक.

"विहीरवाल्यांची केलीत तशी आमचीही करून द्या," तो म्हणाला. "खाच की काय ती. जड करून द्या. सगळ्यांची तीच इच्छा आहे. विळेही आणलेत."

सासरा ऐरणीमागे तसाच उभा राहिला. नाही म्हणावं, तर घासलेल्या खाचा तशाच परत जाणार. हो म्हणावं, तर उद्यापासून दारात पुन्हा बंदुकांची रांग. त्यानं सुनेकडे पाहिलं. ती सांगेल तसं तो करेल, एवढं त्याच्या डोळ्यांत होतं.

तिनं हात पुढे केला. "द्या. भरलेली आहे?"

"छे! रिकामी आहे. आम्ही काय वेडे आहोत?"

बंदुकीचं तोंड जमिनीकडे करून तिनं ती घेतली. नळीखालचा ठासायचा गज काढला, बाहेरून नळीला लावून पाहिला. तेवढाच आत जायला हवा. मग नळीत सोडला. गज आत गेला आणि थांबला. चार बोटं वरच राहिला. तिनं काढून पुन्हा सोडला. पुन्हा चार बोटं.

भात्याशेजारी पोर बसली होती, मांस शिजायची वाट बघत.

गिरणीवाला वाकून त्या गजाकडे बघत होता. "अरेच्चा," तो म्हणाला, "दारू राहिलीच वाटतं आत. मागच्या हंगामातली असणार." आणि बाकीच्यांकडे बघून तो हसला. बाकीचे हसले नाहीत. आपापल्या खांद्यावरच्या बंदुकीकडे त्यांनी नुसतं तिरकं पाहिलं.

"पोरीला आत ने," सासरा म्हणाला.

सून वळली. पोरीला खोलीत नेऊन तिनं बाहेरून कडी घातली, परत येऊन टोकाला मळसूत्रासारखा पीळ असलेला पिरगाळाचा गज नळीत घातला आणि आतली दारू, चिंधी, छर्रे थोडे थोडे करून बाहेर काढायला लागली. पोर आतून दार वाजवत होती. छर्रे तिनं एका वाटीत ठेवले. मग ती बंदूक बाजूला ठेवून तिनं हात पुढे केला.

"पुढची कुणाची?"